क्रमिकांवरची कामाची पुस्तकं: कुठलं कशासाठी, कुठलं नको

हातचाएक
क्रमिका म्हटलं की फिबोनाची, सूर्यफूल आणि सोनेरी गुणोत्तर यापलीकडे न जाणारी पुस्तकं ढिगाने मिळतात. ती या धाग्यात नकोत. तीन गोष्टींसाठी पुस्तकं सुचवा. एक, रिकरन्स (आधीच्या पदांवरून पुढचं पद देणारा नियम) दिला असताना बंद सूत्र, म्हणजे न घातला की थेट पद देणारं सूत्र, कसं काढायचं. दोन, सहा-सात पदं हातात आहेत, पण ती कुठल्या क्रमिकेची हे कसं ओळखायचं. तीन, खरे उपयोग: सिग्नल, गिअर, सिम्युलेशन, काहीही. बारावीचं गणित आणि थोडं प्रोग्रॅमिंग येतं असं धरा. "छान पुस्तक आहे" एवढंच नको, कुठलं प्रकरण आधी आणि वाचणारा कुठे अडकतो तेही लिहा.

शेषफल
पहिल्या गोष्टीसाठी ग्रॅहम, क्नूथ आणि पटाश्निक यांचं 'कॉन्क्रीट मॅथेमॅटिक्स'. पहिली आवृत्ती १९८९ची, घ्यायची ती १९९४ची दुसरी. प्रकरणं नऊ आहेत, पण पहिल्यापासून नवव्यापर्यंत सरळ वाचू नका. द्विपद सहगुणकांचं पाचवं प्रकरण फार घट्ट विणलेलं आहे आणि बरेच वाचक तिथेच पुस्तक मिटतात. पहिलं (हॅनॉयचे मनोरे, प्रतलातल्या रेषा, जोसेफसचं वर्तुळ), मग दुसरं, तिथून थेट सहावं आणि सातव्याचा पहिला अर्धा भाग. पाचव्याकडे गरज पडेल तसं परत यायचं.

दुसऱ्या प्रकरणातलं सांत कलन वगळू नका. त्यात साध्या घाताऐवजी उतरता घात वापरतात: क्ष(क्ष−१), क्ष(क्ष−१)(क्ष−२) वगैरे. याची बेरीज इंटिग्रेशनसारखीच होते. वर्गांची बेरीज हवी असेल तर क² = क(क−१) + क असं फोडा. मग ० पासून न−१ पर्यंतची बेरीज = न(न−१)(न−२)/३ + न(न−१)/२. न = ४ घालून बघा: ८ + ६ = १४, आणि ० + १ + ४ + ९ सुद्धा १४. नेहमीची चूक वरच्या मर्यादेत होते. इथे न स्वतः धरलेला नाही. शाळेतल्या सूत्रात तो धरलेला असतो, म्हणून ताळा पडत नाही आणि माणूस पद्धतीलाच दोष देतो.

उदाहरणांची उत्तरं मागे दिली आहेत, अगदी संशोधनाच्या प्रश्नांचीही, जिथे उत्तर माहीत आहे तिथे. वॉर्मअप सगळे सोडवा, पुढचे निवडून.

त्रिज्या
शेषफल यांच्या क्रमाला +१, पण सातव्या प्रकरणाऐवजी (ते जनरेटिंग फंक्शनचं, म्हणजे पदं सहगुणक म्हणून धरून केलेल्या मालिकेचं) विल्फ यांचं 'जनरेटिंगफंक्शनॉलॉजी' घ्यावं असं माझं मत. दुसरी आवृत्ती लेखकाने स्वतःच मोफत ठेवली होती, त्यामुळे चोरटी प्रत शोधायची गरज नाही. पहिली दोन प्रकरणं नीट झाली की निम्मं काम झालं.

पद्धत एका उदाहरणावर दाखवते. रिकरन्स: ग(न) = ग(न−१) + ग(न−३), सुरुवात १, १, १. पदं: १, १, १, २, ३, ४, ६, ९, १३, १९, २८...

आता ग(०) + ग(१)क्ष + ग(२)क्ष² + ... या संपूर्ण मालिकेला 'म' म्हणा. रिकरन्स सांगतो की म = १ + क्ष·म + क्ष³·म. म्हणून म = १/(१ − क्ष − क्ष³). संपलं. वाढीचा दर हवा असेल तर क्ष³ = क्ष² + १ चं वास्तव मूळ काढा, ते सुमारे १.४६५६ येतं. पुढची पदं दर पायरीला साधारण तेवढ्या पटीने वाढतात.

घोटाळा होतो तो अंशात. छेद फक्त रिकरन्सवरून ठरतो, अंश सुरुवातीच्या पदांवरून. फिबोनाची (०, १) आणि ल्यूका (२, १) या दोन्हींचा छेद १ − क्ष − क्ष² हाच. पण फिबोनाचीचा अंश क्ष आणि ल्यूकाचा २ − क्ष. अंश अंदाजाने लिहू नका. मालिकेला छेदाने गुणा, पहिली एकदोन पदं सोडून बाकी सगळी कापली जातात. जे उरतं तोच अंश.

लसावि
थोडा विरोध नोंदवतो. हातात द्विपद सहगुणकांची बेरीज असेल, तर पेट्कोव्शेक, विल्फ आणि झाइलबर्गर यांचं 'ए = बी' (१९९६) आधी बघा. हेही मोफत उपलब्ध आहे. अशा बेरजांचं बंद रूप आहे का हे संगणकाने ठरवायच्या पद्धती त्यात आहेत. कॉन्क्रीटच्या पाचव्या प्रकरणात डोकं खाणाऱ्या बऱ्याच बेरजा यातून यंत्र काढून देतं.

शेषफल
लसावि, यंत्र उत्तर देतं हे खरं. पण ते 'नाही' म्हणतं तेव्हा त्याचा अर्थ नीट कळायला हवा. त्यातली गॉस्परची पद्धत १/क च्या बेरजेला नकार देते. बेरीज अस्तित्वातच नाही असा त्याचा अर्थ नव्हे. हायपरजॉमेट्रिक जातीचं (लगतच्या पदांचं गुणोत्तर परिमेय फल असलेलं) बंद रूप नाही, एवढाच. अशा बेरजा म्हणजे हार्मोनिक संख्या (१ + १/२ + ... + १/न), त्या कॉन्क्रीटच्या सहाव्या प्रकरणात आहेतच. ते न वाचता 'ए = बी' उघडलं तर त्या नकाराचं काय करायचं तेच कळत नाही.

लसावि
हे मान्य. क्रम बदलतो: कॉन्क्रीट २ आणि ६, मग 'ए = बी'.

दशांश
दुसऱ्या प्रश्नावर कुणी बोललं नाही. पदांवरून क्रमिका ओळखायची तर नील स्लोन यांचं काम. १९७३ला 'अ हँडबुक ऑफ इंटीजर सिक्वेन्सेस' आलं, त्यात २,३७२ क्रमिका होत्या. सायमन प्लूफ यांच्यासोबतचा १९९५चा विश्वकोश ५,४८८ क्रमिकांचा. १९९६पासून सगळं इंटरनेटवर, म्हणजे आपलं ओईआयएस, पदं टाकून क्रमिका शोधायचा ऑनलाइन कोश (ए०००१२७ सारखे क्रमांक त्यातलेच). आता छापील प्रत शोधायला हवी असं नाही, पण तिच्या प्रस्तावनेतला 'अनोळखी क्रमिका कशी हाताळावी' हा भाग वाचण्यासारखा आहे. त्यातलं आणि वापरातलं मिळून:

पहिली एकदोन पदं गाळून शोधा. कुणी ० पासून मोजतं, कुणी १ पासून, आणि सुरुवातीचा १ एकदा की दोनदा यावर एकमत नसतं. सहा ते आठ पदं द्या. सगळ्या पदांना सामाईक अवयव असेल तर त्याने भागून पुन्हा शोधा. अपूर्णांक असतील तर अंशांची क्रमिका वेगळी, छेदांची वेगळी. त्रिकोणी मांडणी असेल तर ओळीने सलग लिहा. तरीही सापडलं नाही तर लगतच्या पदांचे फरक काढा आणि तेच शोधा.

पदं कमी दिली की काय होतं याचा नमुना: १, २, ४, ८, १६. डोळे मिटून २ चे घात म्हणावेसे वाटतात. वर्तुळावर बिंदू घेऊन सगळ्या जीवा काढल्या (एका ठिकाणी तीन जीवा छेदणार नाहीत अशा), तर तुकडेही १, २, ४, ८, १६ असेच पडतात. सहाव्या बिंदूला मात्र ३१ पडतात, ३२ नाही. ही ए०००१२७. पाच पदांवर प्रोग्रॅम लिहिणाऱ्याची इथे पंचाईत होते.

आणि १, २, ५, १४, ४२, १३२ दिसलं की कॅटलन, ए०००१०८. चार कीजचे (नोंदींचे) बायनरी सर्च ट्री १४, षट्कोनाचे कर्णांनी त्रिकोण पाडायचे मार्ग १४, चार जोड कंसांच्या बरोबर मांडण्याही १४. रिचर्ड स्टॅन्ली यांचं 'कॅटलन नंबर्स' (२०१५) या एकाच क्रमिकेवर आहे आणि त्यात तिचे २१४ अर्थ दिले आहेत. वाचायला नाही, ठेवायला. आपण मोजतोय ती वस्तू त्या यादीत दिसली की सूत्र फुकट मिळतं.

पाढेवाला
सूत्र सापडलं म्हणून गणन बरोबर येईलच असं नाही, आणि या भागावर क्रमिकांची बहुतेक पुस्तकं गप्प असतात. दोन सापळे.

पहिला: फिबोनाचीचं बिनेचं सूत्र, सोनेरी गुणोत्तराचा न वा घात भागिले √५ आणि पूर्णांकात रूपांतर. डबल प्रिसिजनमध्ये (६४ बिटच्या फ्लोटिंग पॉइंट संख्येत) साधारण ७०व्या पदापर्यंत उत्तर बरोबर येतं, पुढे शेवटचा अंक घसरतो. ७९वं पद तर २^५३ च्या वर जातं, म्हणजे डबलमध्ये प्रत्येक पूर्णांक नेमका बसण्याची हमीच संपते. ६४ बिटच्या चिन्हासहित पूर्णांकात ९२वं पद बसतं, ९३वं नाही. मोठी पदं हवी असतील तर मोठे पूर्णांक वापरून दुप्पट करत जा: फ(२क) = फ(क)·(२फ(क+१) − फ(क)) आणि फ(२क+१) = फ(क)² + फ(क+१)². दशलक्षाव्या पदाला वीस-एक पायऱ्या पुरतात.

दुसरा सापळा जास्त वाईट. समजा इ(न) = क्ष^न गुणिले ई^(क्ष−१) याचं ० ते १ इंटिग्रल. रिकरन्स सुटसुटीत आहे: इ(न) = १ − न·इ(न−१), आणि इ(०) = ०.६३२१. चार दशांश स्थळं धरून पुढे चला:

०.३६७९, ०.२६४२, ०.२०७४, ०.१७०४, ०.१४८०, ०.११२०, ०.२१६०, −०.७२८०

आठवं पद ऋण! धन फलाचं इंटिग्रल ऋण कसं येईल? सूत्र चुकलेलं नाही. सुरुवातीची इवलीशी चूक पहिल्या पायरीला १ ने, मग २ ने, मग ३ ने अशी गुणली जाते, म्हणजे आठव्या पदाला ८! = ४०,३२० पट. दशांश स्थळं वाढवली तर रोग चार पायऱ्या पुढे ढकलला जातो, एवढंच.

उपाय म्हणजे उलटं चालायचं. इ(न−१) = (१ − इ(न))/न. इ(१५) = ० असं सरळ खोटं धरा आणि मागे या: ०.०६६७, ०.०६६७, ०.०७१८, ०.०७७४, ०.०८३९, ०.०९१६, ०.१००९. हा शेवटचा इ(८), आणि तो चारही स्थळांना बरोबर आहे. सुरुवातीला मुद्दाम केलेली चूक दर पायरीला भागली जाऊन विरली.

तेव्हा संख्यात्मक विश्लेषणाचं कुठलंही पुस्तक घेताना अनुक्रमणिकेत 'उलट रिकरन्स' किंवा 'मिलरची पद्धत' (अशीच मागे चालण्याची) शोधा. नसेल तर या कामाला ते पुस्तक उपयोगी नाही.

हातचाएक
इ(१५) = ० धरण्याचा प्रकार फारच आवडला. आता उपयोगांकडे वळूया का? गिअरचं कुणी लिहील?

अर्धवर्तुळ
गिअरसाठी स्टर्न-ब्रोको वृक्ष. कॉन्क्रीटच्या चौथ्या प्रकरणात आहे, वेगळं पुस्तक नको. स्टर्न गणिती (१८५८), ब्रोको पॅरिसचा घड्याळजी (१८६१). घड्याळजीला गिअरच्या दात्यांसाठी जवळचे अपूर्णांक हवे होते.

कृती: हवं ते गुणोत्तर दोन अपूर्णांकांच्या मध्ये पकडा. अंशात अंश आणि छेदात छेद मिळवून मधला अपूर्णांक काढा. लक्ष्य ज्या बाजूला, ती बाजू ठेवा. √२ साठी: १/१ आणि २/१ पासून ३/२, ४/३, ७/५, १०/७, १७/१२, २४/१७, ४१/२९, ५८/४१, ९९/७०.

४१/२९ = १.४१३७९, ५८/४१ = १.४१४६३, ९९/७० = १.४१४२९. कागदावर शेवटचा सर्वात जवळचा, पण कारखान्यात निवड वेगळ्या कारणाने होते. २० अंशाच्या दाबकोनाला साध्या गिअरवर साधारण १७ पेक्षा कमी दाते असले की दाताचं मूळ कोरलं जातं, म्हणून १०/७ किंवा १७/१२ तसेच वापरता येत नाहीत. ४१ ही मूळ संख्या, म्हणजे ५८/४१ दोन टप्प्यांत फोडायचं तर छेदाच्या बाजूला ४१ किंवा त्याच्या पटीत दात्यांचं चाक लागणारच. ९९/७० मात्र छान फुटतं: (११/१०)·(९/७), म्हणजे ३३/३० आणि ४५/३५ अशा दोन जोड्या. तोटा असा की ३३ आणि ३० ला ३ सामाईक, ४५ आणि ३५ ला ५. ठरावीक दात ठरावीक दातांनाच पुन्हा पुन्हा भिडतात आणि झीज सारखी होत नाही. एकाच टप्प्यात ९९ आणि ७० ठेवले तर हा प्रश्न नाही, पण चाकं मोठी होतात. काय सोडायचं ते जागेवर ठरवा.

लसावि
सिम्युलेशनवाल्यांसाठी नीडररायटर यांचं १९९२चं पुस्तक: यादृच्छिक संख्या आणि क्वाझी-मॉन्टे कार्लो. जड आहे, पण पाया तोच. थोडक्यात: साध्या मॉन्टे कार्लोची (यादृच्छिक बिंदू घेऊन सरासरी काढण्याची) चूक १/√न च्या दराने घटते, हाल्टन किंवा सोबोल या मुद्दाम सारख्या पसरवलेल्या बिंदूंच्या क्रमिकेची जवळपास १/न च्या दराने, मिती कमी असतील तर.

हाल्टनमध्ये (क्रमांकाचे त्या पायातले अंक उलटे करून बिंदू काढतात) मोठे पाये घेऊ नका. १७ आणि १९ या पायांच्या दोन मिती काढल्या तर पहिले १६ बिंदू (१/१७, १/१९), (२/१७, २/१९)... असे एका सरळ रेषेत येतात. जागा भरण्यासाठी घेतलेली क्रमिका रेघ ओढते! अंकांची अदलाबदल करून मिळणारी स्क्रँबल्ड आवृत्ती घ्या, नाहीतर सोबोल. सोबोलमध्ये बिंदू २ च्या घातात घ्या, १,००० नाही, १,०२४. आणि पहिला बिंदू शून्य येतो म्हणून तो टाकून द्यायची जुनी सवय सोडा, त्याने समतोल मोडतो. शून्य अडचणीचं असेल तर स्क्रँबल करा.

त्रिज्या
अवांतर नाही, पण जरा बाजूचं. वर दिलेली १, १, १, २, ३, ४, ६ ही क्रमिका नारायण पंडितांच्या 'गणितकौमुदी'तली (१३५६). गाय दरवर्षी एक वासरू देते, वासरू चौथ्या वर्षापासून वासरू देऊ लागतं, तर २० वर्षांत एकूण किती? त्यांनी रिकरन्सने एकेक वर्ष मोजलं नाही, वारसंकलित म्हणजे बेरजांच्या बेरजा वापरून पिढ्या मोजल्या: मूळची १, मग २०, १५३, ५६०, १००१, ७९२, २१०, ८. एकूण २,७४५. म्हणजे द्विपद सहगुणकांची बेरीज आणि रिकरन्स ही एकाच उत्तराची दोन रूपं. शेषफल आणि लसावि यांचा वाद तिथेच मिटतो.

फिबोनाचीचंही तसंच. लघूची एक मात्रा, गुरूच्या दोन. चार मात्रांच्या रचना: लललल, गलल, लगल, ललग, गग. एकूण पाच. शेवटी ल असेल तर आधी तीन मात्रा (३ प्रकार), शेवटी ग असेल तर आधी दोन (२ प्रकार). हेमचंद्रांनी हा नियम ११५०च्या सुमारास दिला, विरहांकाने त्याच्याही आधी. पिसानोचं, म्हणजे फिबोनाचीचं, पुस्तक १२०२चं. इतिहासासाठी परमानंद सिंग यांचा 'हिस्टोरिया मॅथेमॅटिका'मधला १९८५चा लेख वाचा, तो पुरेसा आहे.

दशांश
याच निमित्ताने, नको असलेली पुस्तकं ओळखायची एक चाचणी. 'नॉटिलस शंख म्हणजे सोनेरी सर्पिल' असं लिहिलेलं असेल तर खाली ठेवा. सोनेरी सर्पिल एका फेऱ्यात ६.८५ पट मोठं होतं, नॉटिलस साधारण तिप्पट. पानांच्या मांडणीबद्दल मात्र १३७.५ अंशाचा कोन खरा आहे. त्या प्रकरणात ३, ४, ७, ११, १८ अशी ल्यूका मोजणी सापडणाऱ्या झाडांचाही उल्लेख असेल तर लेखकाने झाडं खरोखर बघितली आहेत असं समजा.

कापरेकरांच्या स्वयंभू संख्या, म्हणजे कुठलीही संख्या अधिक तिच्या अंकांची बेरीज अशा रूपात न येणाऱ्या (१, ३, ५, ७, ९, २०, ३१, ४२...), ओईआयएसमध्ये ए००३०५२ वर आहेत. सुरुवातीलाच १ ते ९ विषम आणि मग फरक ११ असा दिसतो, पण पुढे तो ११ टिकत नाही. पाच पदांच्या सापळ्याचा हाही नमुना.

लसावि
सिग्नलसाठी सॉलोमन गोलोम्ब यांचं 'शिफ्ट रजिस्टर सिक्वेन्सेस' (१९६७). अजूनही तेच. न बिटचं रजिस्टर, ठरावीक जागांचे बिट एक्सॉर (दोन बिट सारखे तर ०, वेगळे तर १) करून परत आत ढकलायचे. जागा बरोबर निवडल्या तर आवर्तन २^न − १. जीपीएसच्या सीए कोडमध्ये (नागरी वापराच्या सिग्नलमधला कोड) १० बिटची अशी दोन रजिस्टरं असतात, लांबी १,०२३, आणि कोड दर मिलिसेकंदाला पुन्हा सुरू होतो.

४ बिटवर हाताने करून बघा. क्ष^४ + क्ष + १, म्हणजे नवा बिट = तीन आधीचा एक्सॉर चार आधीचा. १०००ने सुरुवात केली तर १०००१००११०१०१११ आणि पुन्हा १०००. एकूण १५, त्यात ८ एक, ७ शून्य. सगळी शून्यं भरून सुरुवात केली तर रजिस्टर कायमचं शून्यातच अडकतं, म्हणून सुरू करताना किमान एक बिट १ ठेवाच. आणि हे गुप्तलेखनाला वापरू नका. बर्लेकँप-मॅसी पद्धतीला २न बिट मिळाले की जागा कुठल्या ते कळतं, इथे ८ बिट बास.

पाढेवाला
लसावि, क्ष^४ + क्ष² + १ घेतलं तर आवर्तन ६ येतं. ते समजलं: हे (क्ष² + क्ष + १) चा वर्ग आहे, अवयव पडतात. पण क्ष^४ + क्ष³ + क्ष² + क्ष + १ चे अवयव पडत नाहीत, तरी आवर्तन ५च. असं का?

लसावि
अवयव न पडणं पुरेसं नाही, बहुपदी प्रिमिटिव्ह हवी, म्हणजे क्ष चा १ होणारा पहिला घात २^न − १ हाच हवा. तुमच्या बहुपदीला (क्ष + १) ने गुणा, क्ष^५ + १ येतं (२ च्या शेषात). म्हणजे क्ष^५ = १, पाच पायऱ्यांनी रजिस्टर परत मूळ जागी. १५ हवेत तर क्ष^३ आणि क्ष^५ दोन्ही १ होता कामा नयेत. मोठ्या न ला एकेक घात तपासत बसू नका: २^न − १ चे मूळ अवयव काढा, प्रत्येकाने २^न − १ ला भागून जो घात येईल तेवढेच तपासा. १०२३ = ३ × ११ × ३१, म्हणजे १० बिटला आधी बहुपदी अविभाज्य आहे हे बघायचं आणि मग फक्त तीन तपासण्या: ३४१, ९३, ३३.